यंत्र बदलले, वही कुठे आहे?

२०२० सालच्या जून महिन्यात लोणारच्या सरोवराचे पाणी गुलाबी झाले. टाळेबंदीचे दिवस होते. घरात अडकून पडलेल्या महाराष्ट्राने त्या विवराची छायाचित्रे मोबाइलवर पाहिली आणि जो तो आपापल्या परीने अर्थ लावू लागला. कुणाला तो चमत्कार वाटला, कुणाला प्रदूषण, तर कुणाला येणाऱ्या संकटाची सूचना. सरोवराच्या संवर्धनाचे प्रकरण मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठासमोर होतेच; तिथेही या रंगाची दखल घेतली गेली. पाण्याचे नमुने नागपूरच्या ‘नीरी’कडे आणि पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेकडे गेले. पुण्याहून आलेले उत्तर साधे होते. पाऊस नाही, ऊन कडक, पाण्याची पातळी खाली गेलेली, त्यामुळे पाण्यातला खारटपणा वाढला. आणि अशा तीव्र खाऱ्या पाण्यातच ज्यांचे फावते, ते ‘हॅलोआर्किया’ नावाचे सूक्ष्मजीव माजले. त्यांच्या अंगात गुलाबी रंगद्रव्य असते. प्रयोगशाळेत नमुना काही काळ स्थिर ठेवला तेव्हा हे जीव तळाशी बसले आणि वरचे पाणी नितळ दिसू लागले. रंग पाण्याचा नव्हता, पाण्यातल्या वस्तीचा होता.

हे सरोवर एरवी हिरवे दिसते, तेही तिथल्या शैवालामुळे. सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा, बेसॉल्ट खडकात उल्केच्या आघाताने पडलेला हा खड्डा. त्यात एका बाजूने धारेचे गोडे पाणी येते, पण बाहेर पडायला वाट नाही. म्हणून पाणी खारे आणि अल्कधर्मी, सामू साधारण १० च्या आसपास. अशा पाण्यात काही निवडक जीवच तग धरतात. उन्हाळ्यात पाणी आटले की एकाची सद्दी संपते आणि दुसऱ्याची सुरू होते. पावसाळ्यात पुन्हा उलट. लोणारकरांना हे फेरे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहेत. इथला खार पूर्वी काढला आणि विकला जाई आणि त्याच्या प्रतींना डल्ला, पापडी, भुस्की अशी वेगवेगळी नावे होती. या सरोवराला हुकूम देणारा कुणी नाही. बाहेरची परिस्थिती बदलते आणि आतली मांडणी आपली आपण बदलते.

आता वाचक विचारतील, रविवारच्या सकाळी हा सरोवराचा पाठ कशासाठी? सांगतो. स्वतःची घडी स्वतःच मोडून नव्याने बसवणारी व्यवस्था म्हणजे काय, हे समजायला लोणारइतके सोपे उदाहरण माझ्यापाशी नाही. आणि अशा व्यवस्था आता फक्त निसर्गात राहिलेल्या नाहीत. माणसाने बनवलेली, स्वतःची रचना बदलणारी गणनयंत्रे आपल्या बँकेत, कचेरीत आणि खिशात येऊन बसली आहेत. ती आपल्याबद्दल निर्णय घेऊ लागली आहेत. त्यांच्याविषयी घरातल्या सर्वांनी मिळून थोडा विचार करावा, म्हणून हा लेख.

कल्पनेच्या जगात अशी यंत्रे केव्हाच आली. हल्ली मुले ज्या अद्भुत कादंबऱ्या वाचतात, त्यांत राज्येच्या राज्ये अशा यंत्रांवर चालतात. रात्री सगळे झोपले की चक्रे आपल्या जागा बदलतात आणि सकाळी यंत्र कालच्यापेक्षा शहाणे झालेले असते. आपल्याकडे अद्भुताचा तुटवडा कधीच नव्हता. लोणारचीच कथा घ्या. लवणासुर जमिनीखालच्या गुहेत लपून बसे आणि बाहेर येऊन लोकांना छळे. विष्णूने दैत्यसूदनाचे सुंदर रूप घेतले, असुराच्या बहिणी त्याच्यावर भाळल्या आणि त्यांनी भावाच्या गुहेचा पत्ता सांगून टाकला. देवाने पायाच्या अंगठ्याने वरचे झाकण उडवले आणि असुराला मारले. ती गुहा म्हणजे हा खड्डा, त्याचे रक्त म्हणजे हे पाणी आणि त्याचे मांस म्हणजे हा खार. दैत्यसूदनाचे देखणे मंदिर आजही लोणार गावात उभे आहे.

विज्ञानाच्या वाटेने जाणाऱ्या कल्पनेलाही मराठीत मोठे घर मिळाले. डॉ. जयंत नारळीकरांनी १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत आपली ‘कृष्णविवर’ ही कथा ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने पाठवली आणि तिला पहिले बक्षीस मिळाले. नावाकडे न बघता कथेची पारख व्हावी, एवढाच त्यामागचा हेतू. २०२५ च्या मे महिन्यात ते गेले. पण कल्पनेलाही नियम हवेत, ही त्यांची शिस्त मराठी विज्ञानकथेत मुरली आहे.

मी कादंबऱ्या लिहितो, त्यामुळे हा मोह मलाही झाला. लोणारच्या तळाखाली एक राज्य आहे अशी कल्पना करून मी एक कथानक मांडायला घेतले. त्या राज्याचा सगळा हिशेब एक दगडी गणनयंत्र ठेवते. पाण्याची पातळी बदलली की यंत्रातल्या चकत्या आपोआप सरकतात आणि नवे नियम तयार होतात. धान्याची वाटणी, जमिनीची मोजणी, कुणाला किती पाणी, सगळे यंत्र ठरवते. पंधरा-वीस पानांपर्यंत मोठी मौज आली. मग एका प्रसंगात एक बाई यंत्रासमोर येऊन उभी राहते आणि विचारते, ‘माझं शेत गेल्या वर्षी माझं होतं, या वर्षी का नाही?’ या प्रश्नाला कोण उत्तर देणार? यंत्राला बोलता येत नाही. पुजारी म्हणतो, चकत्या सरकल्या. राजा म्हणतो, मी सरकवल्या नाहीत. त्या बाईचा प्रश्न मला कथानकापेक्षा मोठा वाटला, कारण तो खऱ्या जगातला होता.

खऱ्या जगात या विद्येची सुरुवात पाऊणशे वर्षांपूर्वी झाली. रॉस ॲश्बी नावाचे एक इंग्रज मनोविकारतज्ज्ञ होते. माणसाचा मेंदू बदलत्या परिस्थितीत तोल कसा सांभाळतो, या प्रश्नाने त्यांना पछाडले होते. १९४८ साली त्यांनी युद्धातून उरलेल्या विमानदलाच्या सामानातून चार पेट्यांचे एक यंत्र बनवले आणि त्याला ‘होमिओस्टॅट’ असे नाव दिले. प्रत्येक पेटीवर एक काटा होता आणि चारही पेट्या एकमेकींना तारांनी जोडलेल्या होत्या. एक काटा हलवला की बाकीचे हलत. काटे फार भरकटले तर जुन्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये असत तसा एक स्विच टक्‌ करून पुढच्या खाचेत जाई आणि आतली जोडणी बदले. जमले नाही तर पुन्हा टक्‌, पुन्हा नवी जोडणी. चारही काटे मध्यावर येऊन स्थिर होईपर्यंत हे चाले. तारा उलटसुलट जोडल्या तरी यंत्र चाचपडत चाचपडत आपला तोल शोधून काढी. त्याच वर्षी ॲलन ट्युरिंग यांनी एक टिपण लिहिले. सुरुवातीला कसलीही घडी नसलेले यंत्र लहान मुलासारखे शिकवून शिकवून घडवता येईल, असे त्यात म्हटले होते. त्यांच्या वरिष्ठांना ते शाळकरी निबंधासारखे वाटले आणि ट्युरिंग हयात असेपर्यंत ते छापलेच गेले नाही. त्याच विचाराच्या वाटेवर १९८२ साली जॉन हॉपफिल्ड यांनी मेंदूसारख्या जाळ्याचे गणित मांडले. पुढे जेफ्री हिंटन आणि इतरांनी ते वाढवले आणि २०२४ साली या दोघांना भौतिकशास्त्राचे नोबेल मिळाले.

या कथेत आपल्या वऱ्हाडचाही एक धागा आहे. अकोला जिल्ह्यातल्या मुरंबा गावी जन्मलेले डॉ. विजय भटकर यांच्या नेतृत्वाखाली पुण्यात १९८८ साली ‘सी-डॅक’ उभी राहिली. अमेरिकेने आपल्याला महासंगणक द्यायला खळखळ केली, तेव्हा तो इथेच बनवायचे ठरले आणि १९९१ साली ‘परम ८०००’ तयार झाला. त्यात ६४ छोटे प्रक्रियक एकत्र काम करत आणि त्यांची आपसातली जोडणी कामाप्रमाणे बदलता येई. हवामानाचे गणित असेल तर एक मांडणी, दुसरे काही असेल तर दुसरी. लग्नघरात पंगतीला पाने मांडायची त्याच जागेत संध्याकाळी खुर्च्या लावाव्यात, तसे.

इथे एक भेद मात्र ध्यानात ठेवायला हवा. ‘परम’ची जोडणी बदलायची ती माणूस सांगे म्हणून. काय बदलले आणि का बदलले, हे सांगणारा कुणीतरी बाजूला बसलेला असे. ॲश्बींचे यंत्र आपण होऊन बदले, पण त्याचे काम इवलेसे होते आणि कोणता स्विच कोणत्या खाचेत आहे, हे डोळ्यांनी बघता येई. तिसरी जात याहून वेगळी. ती आपण होऊन बदलते आणि बदललेली मांडणी उघडून पाहिली तरी आपल्याला तिचा अर्थ लागत नाही. आजचा प्रश्न या तिसऱ्या जातीचा आहे.

ही तिसरी जात कशी असते, याचे एक उदाहरण १९९६ सालचे आहे. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठातले एड्रियन थॉम्प्सन यांनी एक अशी चिप घेतली, की जिच्यातली जोडणी हवी तेव्हा बदलता येते. तिच्या एका कोपऱ्यातली फक्त शंभर घरे वापरायची ठरवली. काम दिले अगदी साधे: दोन वेगवेगळ्या पट्टीचे स्वर ओळखायचे, एक एक हजार कंपनांचा आणि दुसरा दहा हजारांचा. जोडणी त्यांनी स्वतः केली नाही. आधी वाटेल तशा जोडण्या करून पाहिल्या, त्यातल्या त्यात बऱ्या ठेवल्या, त्यांची आपसात सरमिसळ केली, पुन्हा निवड केली. शेतकरी चांगल्या कणसाचे बी राखून पुढच्या वर्षी पेरतो, तोच हा प्रकार. अशा काही हजार पिढ्या गेल्यावर चिप स्वर अचूक ओळखू लागली.

मग त्यांनी जोडणी उघडून पाहिली आणि चकित झाले. शंभरातली बरीच घरे कामाचीच नव्हती. काही घरे तर अशी होती, की ज्यांचा उत्तर देणाऱ्या वाटेशी कुठेच संबंध दिसत नव्हता. पण ती बंद केली की काम बिघडे. त्या चिपच्या धातूत, तिच्या बारीकसारीक गुणदोषांत काहीतरी होते आणि जोडणीने त्याचाच फायदा उठवला होता. तीच जोडणी त्याच कंपनीच्या, त्याच बनावटीच्या दुसऱ्या चिपवर उतरवली तर ती तशी चालेना. काम बिनचूक होते आणि ते का होते, हे बनवणाऱ्यालाही नीट सांगता येत नव्हते. मी शास्त्रज्ञ नाही. पण जन्मभर हिशेब तपासणारा माणूस म्हणून सांगतो: बेरीज बरोबर येते, पण ती कशी आली ते सांगता येत नाही, असे ज्या वहीत असेल तिच्यावर कोणताही ऑडिटर सही करणार नाही.

स्वर ओळखणारी चिप चुकली तर कुणाचे काही जात नाही. आजची यंत्रे मात्र पतपुरवठा, विमा, नोकरी अशा ठिकाणी शिरली आहेत. त्यांच्या आत माणसाने लिहिलेले नियम थोडे आणि लाखो-कोट्यवधी आकडे जास्त. ते आकडे कुणी हाताने लिहिलेले नसतात. जुन्या माहितीवर यंत्राला शिकवताना ते आपोआप बसत गेलेले असतात. नवी माहिती आली की यंत्र पुन्हा शिकवतात आणि आकडे पुन्हा हलतात. मार्च महिन्यातले यंत्र आणि जून महिन्यातले यंत्र एकाच नावाचे असले तरी एकच असतील असे नाही.

बँकेतला माझा जन्म वह्यांमध्ये गेला. मी लागलो तेव्हा सगळे हाताने लिहायचे. डॉ. रंगराजन समितीने १९८४ साली बँकांच्या यांत्रिकीकरणाचा मार्ग आखला, मग मोठ्या शाखांत खतावणीची यंत्रे आली, पुढे पीसी आले आणि शेवटी सगळ्या शाखा एका मध्यवर्ती संगणकाला जोडल्या गेल्या. लोणारच्या पट्ट्यात मी तीन वर्षे काढली ती जाडजूड लेजरच्या काळात. त्या काळाचे मी गोडवे गाणार नाही. बॅलन्सिंगच्या रात्री सात पैशांच्या फरकासाठी आम्ही पहाटेपर्यंत जागलो आहोत आणि त्यात काव्य मुळीच नव्हते. पण त्या वह्यांचा एक नियम होता. नोंद एकाने करायची आणि दुसऱ्याने तपासून सही करायची. आकडा चुकला तर खोडरबर नाही, ब्लेडने खरवडणे नाही. चुकलेल्या आकड्यावर एक आडवी रेघ मारायची, वर बरोबर आकडा लिहायचा आणि शेजारी सही करायची. रेघेखालचा जुना आकडा वाचता आलाच पाहिजे. नवा आकडा कितीही बरोबर असला, तरी जुना दिसेनासा झाला तर तो गुन्हाच.

त्या आडव्या रेघेत मला आज फार मोठे शहाणपण दिसते. बदलाला तिची मनाई नव्हती. बदल कधी झाला, आधी काय होते आणि जबाबदारी कुणाची, एवढे तिथे राहिले पाहिजे, इतकेच ती सांगत होती.

निवृत्तीनंतरची एक गोष्ट सांगतो. मेहकर भागातले एक ओळखीचे शेतकरी जूनच्या तोंडावर माझ्याकडे आले. कर्ज दर वर्षी वेळेवर फेडणारा माणूस. त्या वर्षी त्यांचा अर्ज परत आला होता. ‘सायेब, शिष्टीम घेत नाही म्हन्ते,’ एवढेच ते सांगू शकले. ‘चला भाऊ, विचारून येऊ,’ म्हणून मी त्यांच्याबरोबर गेलो. शाखेतला अधिकारी तरुण होता, सज्जन होता. त्याने आम्हाला बसवले, चहा पाजला, पडदा आमच्याकडे वळवून दाखवला. पडद्यावर लाल अक्षरांत नकार होता. कारणाच्या रकान्यात एक सांकेतिक आकडा. त्या आकड्याचा अर्थ त्याला ठाऊक नव्हता. वरच्या कार्यालयाने सांगितले, गुणांकन बाहेरच्या कंपनीचे यंत्र करते. गेल्या वर्षी हाच माणूस, हीच जमीन, हीच परतफेड, मग या वर्षी काय बदलले? यंत्र बदलले, असे उत्तर मिळाले. काय बदलले ते मिळाले नाही. पहिला पाऊस कुणाच्या उत्तरासाठी थांबत नाही. भाऊंनी सोयाबीनचे बियाणे सावकाराच्या पैशाने घेतले.

माझ्या कथेतल्या त्या बाईचा प्रश्न तो हाच.

याच्या शेजारी दुसरे एक उदाहरण ठेवून पाहू. २०१७ साली महाराष्ट्रात दीड लाख रुपयांपर्यंतच्या कर्जमाफीची योजना आली. अर्ज ऑनलाइन भरायचे होते. बँकांनी दिलेली माहिती आणि शेतकऱ्यांचे अर्ज यांचा मेळ बसेना, याद्यांत घोळ झाले आणि दिवाळीच्या सुमारास मोठा गदारोळ उठला. लोकांचे हाल झाले, हे खरेच. पण तिथे नियम कागदावर छापलेला होता. कर्ज कोणत्या तारखेचे, थकबाकी कधीची, मर्यादा किती, हे सगळे शासन निर्णयात वाचता येत होते. म्हणून गावातला साधा माणूसही यादीवर बोट ठेवून म्हणू शकत होता, ‘मी या नियमात बसतो, माझे नाव का नाही?’ भांडायला जागा होती. नियमच आकड्यांच्या ढिगाऱ्यात विरघळला तर माणसाने बोट कुठे ठेवायचे?

यावर एक आक्षेप येईल आणि तो वजनदार आहे. खिडकीमागचा माणूस तरी कुठे पारदर्शक होता? कुणाची जात, कुणाची ओळख, कुणाची पार्टी बघून कर्जे दिली-नाकारली गेली नाहीत काय? गेली. चाळीस वर्षे या व्यवसायात काढलेला कोणीही माणूस हे नाकारणार नाही. दारात चपला काढून अंग चोरून उभ्या राहणाऱ्या माणसाला ‘उद्या या’ म्हणून परत पाठवणारे महाभाग मी पाहिले आहेत. यंत्राला चपला दिसत नाहीत, हा त्याचा गुण आहे. चांगले बनवलेले यंत्र कदाचित अशा कित्येकांना न्याय देईल, ज्यांना आम्ही दिला नाही. म्हणून यंत्र नकोच म्हणणाऱ्यांत मी नाही. शिवाय बदलणे हाही काही दोष नव्हे. कधीच न बदलणारा नियम दुष्काळात आणि सुकाळात सारखाच वागतो आणि दोन्ही वेळा अन्याय करतो. लोणारचे सरोवर जिवंत आहे ते बदलते म्हणूनच.

पण खिडकीमागच्या त्या महाभागाला नाव होते. त्याच्याविरुद्ध अर्ज करता येई, त्याची बदली होई, चौकशी लागे. कधी लागत नसे हे खरे. पण लागू शकत होती आणि हे त्यालाही ठाऊक असे. यंत्र जुन्या नोंदींवर शिकते, तेव्हा त्या महाभागाने पन्नास वेळा केलेले अन्यायही त्या नोंदींत असतात. यंत्र ते पाठ करते आणि त्याची सही मात्र गळून पडते. हे मला अधिक धोक्याचे वाटते.

कुणी म्हणेल, सरोवराकडे तरी कुठे सही आहे? नाही. सरोवर कुणालाच उत्तर देत नाही. पण सरोवराने कुणाचे कर्ज नाकारलेले नाही. आणि दुसरे असे, की त्याच्याकडून उत्तर काढून घ्यायचे आपण थांबलो नाही. १८२३ साली अलेक्झांडर नावाच्या ब्रिटिश अधिकाऱ्याने या खड्ड्याची नोंद केली. तो ज्वालामुखीचा की उल्केचा, यावर पुढे दीडशे वर्षे वाद चालला. १९७३ साली अमेरिकी आणि भारतीय शास्त्रज्ञांनी मिळून इथल्या खडकांत प्रचंड आघाताच्याच खुणा आहेत, असे दाखवून दिले. खड्ड्याचे वय आधी सुमारे ५० हजार वर्षे धरत. नंतरच्या मोजणीने ते साधारण ५ लाख ७० हजार वर्षांवर नेले. २०२० मध्ये रंग बदलला तेव्हा कुणी ‘सरोवर असेच आहे’ म्हणून हात झटकले नाहीत. नमुना भरला, प्रयोगशाळेत नेला, कारण शोधले आणि लोकांना सांगितले. ज्या सरोवराला कुणी बनवले नाही त्याच्याकडून आपण एवढा खुलासा मागतो. मग जे यंत्र माणसाने बनवले, माणसाने विकले आणि माणसाने बसवले, त्याच्याकडून कमी का मागायचे?

म्हणून माझ्या मते चार गोष्टी मागितल्या पाहिजेत आणि चारही आपल्या जुन्या बँकिंगमधल्याच आहेत. पहिली, वही. लोकांबद्दल निर्णय घेणारे यंत्र जेव्हा जेव्हा बदलेल, तेव्हा तारखेसह त्याची नोंद राहावी आणि आधीचे यंत्र जपून ठेवावे, म्हणजे गेल्या वर्षीचा अर्ज आणि या वर्षीचा अर्ज दोन्ही यंत्रांवर टाकून फरक दाखवता येईल. रेघेखालचा आकडा वाचता आला पाहिजे. दुसरी, सही. यंत्राने नकार दिला तरी तो नकार कुणा माणसाच्या नावावर चढला पाहिजे. यंत्र मांडेल, पण तपासणारा माणूसच असला पाहिजे. तिसरी, कारण. सांकेतिक आकड्यात नव्हे, अर्जदाराच्या भाषेत, चार ओळींत. ज्या निर्णयाचे कारण चार ओळींत सांगता येत नाही, तो निर्णय पेरणीच्या तोंडावर कुणावर लादू नये. अशी यंत्रे स्वर ओळखायला, खेळायला खुशाल वापरावीत. चौथी, दाद. चुकले असे वाटले तर कुठे जायचे, किती दिवसांत उत्तर मिळेल, हे खिडकीशेजारी पाटीवर लिहिलेले असावे.

ही मागणी हवेतली नाही. रिझर्व्ह बँकेने डिसेंबर २०२४ मध्ये याच विषयावर एक समिती नेमली. अध्यक्ष होते मुंबईच्या आयआयटीतले प्रा. पुष्पक भट्टाचार्य. ऑगस्ट २०२५ मध्ये अहवाल आला. त्यात सात सूत्रे आणि २६ शिफारशी आहेत. माणूस आधी, जबाबदारी निश्चित हवी, यंत्राचा निर्णय समजण्याजोगा हवा, असा त्या सूत्रांचा रोख आहे. अहवाल चांगला आहे. पण अहवाल मुंबईत असतो आणि खिडकी मेहकरला, लोणारला, सिंदखेडराजाला असते. या दोहोंमधले अंतर कापायला आपल्याकडे नेहमीच वेळ लागतो आणि लोकांनी विचारल्याशिवाय ते कापले जात नाही.

तेव्हा घरातल्या मुलांना ही नवी विद्या जरूर शिकवा. तिचे कौतुकही करू द्या. ती कौतुकाच्या लायकीची आहे. आणि त्याचबरोबर त्यांना त्या आडव्या रेघेची गोष्टही सांगा. उद्या हीच मुले अशी यंत्रे बनवतील आणि वही ठेवायची की नाही, हे तीच ठरवतील. आपल्यापुरते म्हणाल, तर आपल्या हातात एवढेच आहे: खिडकीवर कुणी ‘सिस्टीम घेत नाही’ म्हणाले, तर आवाज न चढवता, पण जागचे न हलता विचारायचे, कोणत्या तारखेपासून घेत नाही, का घेत नाही आणि खाली सही कुणाची?